राहून गेलेली थट्टा

सानाबा गेली तेव्हापासून घरात तेनेनला सगळे एकच शब्द ऐकवत होते. बसा.

ती विहिरीकडे निघाली की सून म्हणे, मोठी आई, तुम्ही बसा. कोंबड्यांना बाजरी टाकायला उठली की मुलगा म्हणे, बसा, मी टाकतो. गल्लीतल्या बायका भेटायला येत, दारातच गुडघ्यात वाकून विचारपूस करत. तेनेन उठू लागली की दोघी-तिघी मिळून तिचे खांदे दाबत आणि म्हणत, बसा, बसा.

तेनेन बसे. कडुनिंबाखाली चटई होती. ती चटई तिची आणि सानाबाची, दोघींची. तेनेन अजून डाव्याच अंगाला बसायची.

आमच्या सेगू शहरात म्हाताऱ्या बाईला मान असतो. तेनेन त्राओरे आता त्या घरातली सगळ्यात म्हातारी. तिला कोणी उलटून बोलत नव्हतं, तिच्या कशालाही कोणी नावं ठेवत नव्हतं. सकाळी डोळे उघडल्यापासून झोपेपर्यंत एक वाकडा शब्द तिच्या कानावर पडत नव्हता. याच गोष्टीनं ती खंगत चालली होती. आणि हे सांगायचं कोणाला, ते तिला कळत नव्हतं. ज्या बाईला सांगता आलं असतं तीच गेली होती.

सानाबा तिची सवत. सेरिबा तांगाराच्या घरी तेनेन आधी आली. तिला दोन मुलं झाली, दोन्ही पाऊल टाकायच्या आत गेली. पुढे काही झालं नाही. मग सेरिबानं सानाबा द्याराशी लग्न केलं. शेजारणी म्हणाल्या, आता या अंगणात रोज मडकी फुटणार.

नवी नवरी दारात आली तेव्हा पाणी द्यायला थोरलीच उभी होती. तसा रिवाज आहे. तेनेननं रडू दाबत भांडं पुढे केलं, पाणी काठावरून सांडत होतं. सानाबानं भांडं घेतलं, प्यायली, तोंड पुसलं आणि सगळ्यांना ऐकू जाईल असं म्हणाली, "पाण्याला चवळीचा वास येतोय. इथे कोणीतरी त्राओरे राहतं."

तेनेनचं रडू तिथल्या तिथे थांबलं. "उपाशी द्याराला सगळीकडे चवळीचाच वास येणार," ती म्हणाली.

अंगण हसलं. नवरीही हसली. तेव्हापासून दोघींचं तेच चाललं.

त्राओरे आणि द्यारा ही आमच्याकडे थट्टेची घराणी. एकानं दुसऱ्याला वाटेल ते म्हणावं, दुसऱ्यानं सव्वापट परत करावं. राग धरायचा नाही. राग धरला तर पूर्वजांना लागतो म्हणतात. बाजारात, कचेरीत, मशिदीच्या पायरीवर, त्राओरे दिसला की द्यारा हाक मारणार, काय रे चवळीखाऊ. त्राओरे म्हणणार, चवळीखाऊ तुझा बाप. चवळी म्हणजे गरिबाचं खाणं, खादाडाचं खाणं, खाल्ल्यावर माणसाची चारचौघांत फजिती करणारं खाणं. दोन्ही घराणी कित्येक पिढ्या ती एकमेकांच्या पानात वाढत आली आहेत.

दुसऱ्या कोणा दोन सवतींना जे बोलता येत नाही ते या दोघींना बोलता येत होतं. असूया, टोमणा, रात्रीचं दुखणं, सगळं चवळीत घालून शिजवायचं आणि समोर ठेवायचं. समोरची हसायची. पोटात काय गेलं ते तिचं तिला कळायचं.

सेरिबाच्या घरी दोन दिवस एकीची चूल, दोन दिवस दुसरीची. जिची चूल तिची रात्र. जिची पाळी नसे तिनं चटईवर बसून नावं ठेवायची.

तेनेनच्या हातचा शेंगदाण्याचा कोंबडीरस्सा गल्लीत नावाजलेला. तिगादेगेना म्हणतात त्याला. सेगूत तो घरोघरी होतो, आणि प्रत्येक घरात शेजारच्यापेक्षा चांगला होतो. तेनेन दाणे खापरावर भाजायची, काळपट डाग पडेपर्यंत. साली फुंकून टाकायची. मग पाट्यावर वाटत राहायची, दाण्याला त्याचंच तेल सुटून गोळा चकचकीत होईपर्यंत. कोंबडीचे तुकडे तेलात लाल करून काढून ठेवायची. त्याच तेलात कांदा, लसूण, टोमॅटो. मग कोमट पाण्यात कालवलेलं वाटण, कोंबडी, कोबीचे मोठे तुकडे, रताळं, आणि एक तिखटजाळ मिरची, अख्खी, न फोडता. त्यानंतर जाळ कमी करायचा आणि थांबायचं. लाल तेल वर येऊन कडेला जमलं की रस्सा झाला. त्याआधी झाकण काढून बघणारी बाई उतावळी.

"जळका वास येतोय," सानाबा चटईवरून म्हणायची. "चवळीवर वाढलेल्यांना दाणे कधी भाजता आले?"

"तू खाऊ नकोस."

"खाल्ल्याशिवाय कसं सांगू किती वाईट झालंय?"

मग परात मधे यायची, भाताभोवती बायका-मुलं बसायची, आणि सानाबा आपल्या पुढ्यातलं सगळं संपवायची. शेवटचं शीत बोटानं टिपून खायची. तेनेन दुसरीकडे बघितल्यासारखं करायची.

सेरिबा वारला. त्यानंतर रात्री कोणाच्याच राहिल्या नाहीत. चुलीच्या पाळ्या मात्र दोघींनी तशाच ठेवल्या.

मग सानाबाच्या लासिनाचं लग्न झालं. लासिना सानाबाच्या पोटचा, तेनेनला मोठी आई म्हणतो. सून घरात आली की सासूनं पळी खाली ठेवायची. ठेवलेली पळी पुन्हा उचलायची नाही. उचलली तर लोक म्हणतात, सून पोसत नाही. दोघींनी मिळून सुनेच्या, वासाच्या, हातात पळी दिली आणि चटईवर जाऊन बसल्या.

वासा गुणाची. पण दाणे गिरणीतून दळून आणते, रश्श्यात मसाल्याची वडी टाकते आणि झाकण दहादा काढते. दोघी मुकाट्यानं बघायच्या. मग एकमेकींकडे बघायच्या.

"तुझ्यापेक्षा बरा करते," सानाबा म्हणायची.

ती असं म्हणाली की तेनेनचा दिवस चांगला जायचा.

मशिदीमागे एक बाई सकाळी चवळीची भजी तळते. फार वर्षांपूर्वी, लासिना अजून पाठीला बांधलेला असायचा तेव्हाची गोष्ट. तेनेननं सानाबाला तिथे पाहिलं. भिंतीकडे तोंड करून ती भजी खात होती. डोक्याचं फडकं भुवयांपर्यंत ओढलेलं. एक झालं, दुसरं झालं, कागदाला लागलेलं तेलही चाटून झालं. तेनेननं एक हाक मारली असती तर सगळं सेगू महिनाभर हसलं असतं. ती आली तशी मागे फिरली.

संध्याकाळी तिनं एवढंच विचारलं, "आज जेवण कमी गेलं तुला, द्यारा?"

सानाबा तिच्याकडे बघत राहिली. "तू पाहिलंस."

"मी काय पाहिलं?"

"आता सांगणार सगळ्यांना."

"सांगणार," तेनेन म्हणाली. "तू मेल्यावर. तुझ्या मातीला जमतील त्या सगळ्यांसमोर."

सानाबा इतकी हसली की पाठीवरचं पोर जागं झालं. "आणि तू आधी मेलीस तर?"

"तर सुटलीस."

हे बोलणं दोघी विसरल्या नाहीत. माणूस गेलं की थट्टेच्या घराण्यातल्या कोणीतरी उठून त्याची टर उडवायची असते. रडणाऱ्यांच्या मधोमध उभं राहून. सगळे त्या थट्टेची वाट बघत असतात. टर उडाली की रडता रडता हसू फुटतं, आणि गेलेलं माणूस हलकं होऊन जातं. तेनेन वयानं मोठी होती. तिला वाटायचं, आपण आधी जाऊ आणि ही आपली सालटी काढेल. मरणाचा विचार आला की तिला हे आठवायचं आणि जरा बरं वाटायचं.

सानाबा थंडीच्या दिवसांत गेली. ताप चढला तो उतरलाच नाही. सकाळी गेली, दुपारच्या नमाजानंतर न्यायची ठरली. अंगणात पाय ठेवायला जागा नव्हती. बायकांचं रडणं जरा ओसरलं तशा सगळ्यांच्या नजरा तेनेनकडे वळल्या.

तेनेन उभी राहिली. वाक्य तयार होतं. कितीतरी वर्षं तयार होतं. ही बाई मशिदीमागे तोंड लपवून चवळीची भजी खायची. एवढंच म्हणायचं होतं. तिनं तोंड उघडलं.

तोंडातून काही आलं नाही.

एक म्हातारी हळूच म्हणाली, बोल, त्राओरे. तेनेननं मान हलवली आणि खाली बसली. सानाबाला तशीच नेली. कोणीही न हसता.

त्यानंतर ती एकदा विहिरीवर गेली तर बोलत असलेल्या बायका गप्प झाल्या. तिनं वासाला खोदून विचारलं. वासानं आढेवेढे घेतले, मग सांगितलं. लोक म्हणत होते, थट्टा तोंडात अडते कधी? मनात खरं वैर असतं तेव्हा. ज्याच्यावर खरोखर राग आहे त्याची टर उडवता येत नाही. एवढी वर्षं दोघी हसत होत्या ते वरवरचं. सवत ती सवतच.

"लोकांना काय, काहीही बोलतात," वासा म्हणाली. "तुम्ही बसा, मोठी आई."

तिला थट्टेत काही परत सुनवावं असं तेनेनला वाटलं. पण वासा देंबेलेंच्या घरातली. देंबेले आणि त्राओरे एकाच रक्ताचे, तिथे थट्टा चालत नाही. लासिना आणि त्याची भावंडं बापाच्या घराण्याची, तांगारा. त्यांच्याशीही नाही. घरात द्यारा एकच होती.

चाळिसाव्या दिवशी गेलेल्या माणसासाठी दुवा असते, त्याला सानाबाचा भाऊ येणार होता. झुमाना द्यारा, बानी नदीकाठच्या गावात शेती करतो. मातीला तो पोचू शकला नव्हता, इकडे गेलेलं माणूस दुसऱ्या दिवसापर्यंत ठेवत नाहीत. एरवी पीक निघालं की तो दरवर्षी यायचा आणि कुंपणाबाहेरूनच ओरडायचा, "त्राओरे, चवळी लपव, मी आलोय." तेनेन आतून ओरडायची, "लपवलीय, तुझ्या बहिणीच्या पोटात." तो आत येईपर्यंत सगळी गल्ली हसत असायची.

बाकी गल्लीनं काय समजायचं ते समजावं. या एका माणसानं तसं समजून परत जाऊ नये, एवढंच तेनेनला हवं होतं. त्याच्यापुढे राहिलेलं बोलायचं, असं तिनं ठरवलं. मनात ते वाक्य पुन्हा पुन्हा म्हणून पाहिलं. मनात ते नीट येत होतं.

झुमाना आदल्या दिवशी ऊन उतरल्यावर वडापच्या गाडीतून आला. कुंपणाबाहेरून आवाज आला नाही. त्यानं दारात चपला काढल्या, सलाम केला. तब्येत कशी आहे, घरातले बरे ना, शांतता आहे ना, असं सगळं ओळीनं विचारलं. तेनेननं ओळीनं उत्तरं दिली. शांतता आहे. शांतता आहे. तिनं तोंड उघडलं, आणि पुन्हा तेच झालं.  झुमानानं नजर वर केली नव्हती.

"उठू नका," तो म्हणाला. "तुम्ही बसा."

इतक्या वर्षांत त्यानं तिला कधी अहो-जाहो केलं नव्हतं. गल्लीतलं बोलणं त्याच्यापर्यंत पोचलं होतं.

ती आत जाऊन पडली. छपराकडे बघत राहिली. तोंडानं दोनदा जमलं नाही. मग तिला वाटलं, हातानं जमेल.

उजाडताच ती बाजारात गेली. धान्याच्या रांगेत चवळीची पोती होती. एरवी त्राओरेनं चवळीला हात लावला की विकणारी बाई अख्ख्या बाजाराला ओरडून सांगते, आणि पुढच्या दुकानापर्यंत लोक मागे लागतात. तेनेननं वाटी पुढे केली. बाईनं तिला ओळखलं. डोळे खाली केले, वाटी भरली, वर आणखी एक मूठ घातली.

"देव तिला शांती देवो," ती म्हणाली.

तेनेन थोडा वेळ तिथेच उभी राहिली. आणखी काही ऐकू आलं नाही. तिनं चवळी कमरेच्या वस्त्राच्या टोकात बांधली आणि घरी आली.

अंगणात बायका जमल्या होत्या. मोठमोठे हंडे चढले होते, कांद्याचे ढीग पडले होते. वासा पळी हातात घेऊन या हंड्यापासून त्या हंड्याकडे धावत होती. तेनेननं आपली ठिपक्यांची कोंबडी धरली. बोकड कापायला आलेल्या माणसापुढे नेली. त्यानं काही न विचारता तीही कापून दिली.

घरामागे सानाबाची जुनी चुलीची खोली आहे. पळी खाली ठेवल्यापासून तिथे लाकडं भरलेली. तेनेननं लाकडं बाजूला केली. खाली तीन दगड तसेच होते, काळे. कोपऱ्यात पाटा होता. तिनं जाळ केला आणि खापर ठेवलं.

दाणे भाजताना हात ओळखीचा वाटत होता. वाटताना दम लागला. पूर्वी एका दमात व्हायचं, आता तीनदा थांबावं लागलं. गोळ्याला तेल सुटू लागलं तेवढ्यात दारात वासा आली.

"मोठी आई, हे काय चालवलंय? उठा. तिकडे सावलीत बसा, मी करते."

"बसलेच आहे की. चुलीपुढे."

"बाहेर सगळी गल्ली आहे. म्हणतील, सासूला चुलीला लावली. माझ्या माहेरापर्यंत जाईल हे." तिचा आवाज रडवेला झाला होता.

तेनेननं वरवंटा धुतला. ते पाणी हंडीत ओतलं.

"वासा, काल कोणाची पाळी होती?"

वासाला कळलं नाही.

"सानाबाची," तेनेन म्हणाली. "काल तिची, परवा तिची. ती गेल्यापासून रोज तिचीच पाळी चालली आहे. आज माझी."

वासा दाराच्या चौकटीला धरून उभी राहिली. मग तिनं हातातली पळी वस्त्राला पुसली, चुलीशेजारच्या दगडावर ठेवली आणि निघून गेली.

बाहेर कोणीतरी विचारलं, मागे धूर कसला? वासा म्हणाली, गुडघ्यांचं औषध उकळतेय मोठ्या आईचं. एकजण म्हणाली, वास तर कोंबडीचा येतोय. वासा म्हणाली, गुडघ्याला कोंबडीच लागते.

तेनेननं आतून ते ऐकलं. ही पोर वाईट नाही, तिला वाटलं. नुसती देंबेले आहे.

कोंबडी लाल झाली. वाटण पडलं. तेनेननं वस्त्राची गाठ सोडली आणि चवळी रश्श्यात ओतली. चवळी तशीच, कोरडी. ती भिजवावी लागते हे तिला ऐकून माहीत असेल, पण हाताला माहीत नव्हतं. द्याराच्या डोळ्यांदेखत त्राओरेनं चवळी शिजवायची, असं त्या घरात कधी घडलंच नव्हतं. द्यारानंही कधी शिजवली नव्हती. तिनं झाकण घातलं आणि थांबली. शेजारी चटई नव्हती. जळका वास येतोय असं कोणी म्हणालं नाही. वास येत होता. तिलाही आला.

दुवा झाली. पुरुषांच्या परातींमध्ये भात वाढला गेला. सगळ्यात मोठ्या परातीभोवती झुमाना, लासिना आणि गल्लीतले दोन वडीलधारे बसले होते. त्या परातीत ओतायचा रस्सा वासा घेऊन निघाली तर तेनेननं तिला हातानं अडवलं. आपली हंडी दोन फडक्यांत धरून ती स्वतः चालत गेली. बायका बोलायच्या थांबल्या. तिनं भातावर रस्सा ओतला. कोंबडी मधोमध ठेवली. परत येऊन बायकांच्या घोळक्यापुढे उभी राहिली.

कोणी बसा म्हणालं नाही.

झुमानानं बिस्मिल्ला म्हणून पहिला घास घेतला. चावता चावता थांबला. बोटांनी तोंडातून काहीतरी काढलं आणि उजेडात धरलं. मग परातीतला रस्सा बाजूला सारून पाहिला. सगळीकडे होतं.

लासिनाचा चेहरा उतरला. "मामा, राहू द्या. दुसरी परात आणवतो. मोठ्या आईचं आता वय झालंय."

"हे कोणी केलं?" झुमाना म्हणाला. त्यानं आवाज चढवला नाही.

अंगणात हंडा उतरवण्याचा आवाज झाला तेवढाच.  तेनेन परातीकडे बघत राहिली. वाफेतून दाण्याचा जळका वास येत होता.

"मी केलं," ती म्हणाली. "तुझी बहीण जन्मभर मशिदीमागे तोंड लपवून चवळीची भजी खायची. मी माझ्या डोळ्यांनी पाहिलं. मी म्हटलं होतं, तू मेल्यावर सांगेन. आता सांगते. चाळीस दिवस उपाशी आहे ती. चवळीशिवाय द्याराला कबरीतही झोप लागत नाही."

 तिचा आवाज फुटला होता पण फाटका होता, शेवटचे शब्द कसेबसे आले होते.

झुमानानं हातातली चवळी पुन्हा तोंडात टाकली. कडकन चावली. सगळ्यांना ऐकू गेली.

"कच्ची आहे," तो म्हणाला. "बघा रे, बघा. या त्राओरेंनी जन्मभर चवळी खाल्ली आणि एवढ्या वयात शिजवता येत नाही. माझ्या बहिणीचे दात असेच गेले असणार. आणि दाणे जाळलेस ते वेगळंच."

पहिल्यांदा ती म्हातारी हसली, मातीच्या दिवशी बोल म्हणालेली. मग एकेक करत सगळं अंगण. वडीलधाऱ्यांपैकी एकाला ठसका लागला. झुमाना हसत होता आणि त्याच वेळी कोपरानं डोळे पुसत होता. हात रश्श्यानं माखलेला होता ना. तेनेन हसली की नाही, हे नंतर कोणाला नीट सांगता आलं नाही. ती खाली बसली होती आणि तिनं डोक्याचं फडकं तोंडावर ओढलं होतं.

"उशिरा बोलली," म्हातारी शेजारणीला म्हणाली. "पण बोलली."

बऱ्याच वेळानं ती परात परत आली. लासिनानं आणून तिच्यापुढे ठेवली. चाटूनपुसून स्वच्छ. मधोमध एक चवळी ठेवली होती. तिचा वाटा. तेनेननं ती उचलली आणि खाल्ली. चावायला फार वेळ लागला.

दुसऱ्या दिवशी सकाळी झुमाना निघाला. गाडीच्या टपावर त्याचं गाठोडं चढलं. तेनेन कुंपणापर्यंत गेली. वासा मागून म्हणाली, बसा, मोठी आई, ऊन आहे. तेनेन गेली.

"आता पीक निघालं की येतोस ना?" तिनं विचारलं.

"आलो तर ओरडेन." तो गुडघ्यावर हात ठेवून पायरी चढला. त्याचंही वय झालं होतं, हे तिला तेव्हाच दिसलं. गाडी सुरू झाल्यावर त्यानं खिडकीतून डोकं काढलं. "रात्रीची भिजत घालत जा, चवळीखाऊ. रात्रीची."

गाडी धुरळ्यात गेली. गल्लीत दोन बायका हसल्या आणि आपापल्या घरात शिरल्या.

तेनेन कडुनिंबाखाली येऊन बसली. डाव्या अंगाला. लासिनानं कोंबड्यांना बाजरी टाकली. ठिपक्यांची नव्हती, बाकीच्या होत्या. वासानं दुपारचा रस्सा चढवला. झाकण काढलं, पाहिलं, घातलं. पुन्हा काढलं. तेनेननं उजवीकडे मान वळवली, आणि मग परत समोर.

वस्त्राच्या गाठीत मूठभर चवळी उरली होती. संध्याकाळी तिनं ती वाटीत काढली आणि वर पाणी घातलं. कोणी येणार नव्हतं. पिकाला अजून फार दिवस होते.

सकाळी चवळी फुगून वाटीच्या काठाला आली होती. तेनेननं एक दाणा दोन बोटांत दाबून पाहिला. मऊ होता. आज चढवली असती तर शिजली असती.